शब्दचर्चा : समुद्रातल्या शिकारी गोगलगायीला काय म्हणावे?

गिरणाकाठ (चाळीसगाव)
आमच्या शाळेत कोकणातून आणलेल्या शंख-शिंपल्यांची पेटी मांडायची असून तिच्या मराठी पाट्या लिहिण्याचे काम माझ्याकडे आले आहे. तीत नॅटिका टायग्रिना या जातीचा, दोन-तीन सेंटिमीटरांचा, पांढऱ्यावर तपकिरी ठिपके असलेला एक गोल, गुळगुळीत शंख आहे. त्यातला प्राणी वाळूखालून सरपटत जाऊन तिसऱ्यांसारख्या शिंपल्याला आपल्या रुंद पायात लपेटतो, कवचावर आम्ल स्राव सोडतो, मऊ पडलेला भाग दातेरी जिभेने खरवडतो आणि कित्येक तास खपून आरपार भोक पाडून आतले मांस खातो. मी पाटीवर ‘शिकारी समुद्री गोगलगाय’ असे लिहिले होते. आमच्या मराठीच्या ज्येष्ठ सरांनी ते खोडले. गोगलगाय पावसाळ्यात बांधावर दिसते, ती समुद्रात राहत नाही आणि शिकार तर मुळीच करीत नाही, असे त्यांचे म्हणणे आहे. त्यांनी सुचवलेला ‘मांसभक्षी शंख’ मला पटत नाही, कारण शंख हे घर झाले. खाणारा जीव वेगळा. जाणकारांनी योग्य शब्द सुचवावा.

अक्षरशोध (धुळे)
परिभाषा उपलब्ध असताना ती टाळण्याचे कारण दिसत नाही. संघ मृदुकाय, वर्ग उदरपाद. म्हणून ‘छिद्रकारी उदरपाद’ असे लिहावे. पाटी ही गप्पांची जागा नव्हे.

बोरीचे पाणी (अमळनेर)
‘छिद्रकारी उदरपाद’ वाचून सातवीतले एकही पोर त्या पेटीपुढे थांबणार नाही, भाऊ. शिवाय आपण ज्याला परिभाषा म्हणता, तीच गोष्ट आपल्या आज्या ‘गोगलगाय अन् पोटात पाय’ या चार शब्दांत सांगून गेल्या आहेत. वरून गरीब आणि आतून पक्क्या माणसासाठी ही म्हण आपण वापरतो. मग वाळूखालून बिनबोभाट येऊन शिंपला फोडणाऱ्या या जिवाइतकी ती दुसऱ्या कोणाला शोभेल? सरांना ही म्हण आठवली असती, तर त्यांनी पाटी खोडली नसती. फारच वेगळे नाव हवे असेल, तर सुताराच्या हत्यारावरून ‘गिरमिट्या’ म्हणावे.

अक्षरशोध (धुळे)
गिरमिट हा शब्दच मुळात परका आहे.

बोरीचे पाणी (अमळनेर)
मग पगार, चावी आणि बटाटा हेही पोर्तुगिजांना परत करून टाकू या.

सराफकट्टा (जळगाव)
शब्द कोणाचा हा वाद बाजूला ठेवून एकदा भोकाकडे पाहावे, अशी विनंती आहे. आमच्या घरी तीन पिढ्या मोती ओवण्याचे काम चालते, त्यामुळे भोक दिसले की आधी त्याची कड पाहण्याची सवय लागली आहे. नॅटिकाने पाडलेले भोक बाहेरून रुंद आणि आत निमुळते होत गेलेले असते. त्याची कड वाटीच्या आतल्या बाजूसारखी उतरती दिसते आणि तळाशी जेमतेम सुई जाईल एवढीच वाट असते. म्युरेक्स कुळातल्या काटेरी शंखांचे भोक मात्र बहुधा सरळ भिंतींचे, वर-खाली सारख्या रुंदीचे असते. म्हणजे ‘गिरमिट्या’ हे नाव द्यायचेच असेल, तर ते म्युरेक्सला द्यावे लागेल. नॅटिकाला ते देणे कारागिराच्या दृष्टीने चुकीचे ठरेल.

तापीमाई (नंदुरबार)
‘शंख म्हणजे घर’ हा भेद बोलण्यात कोणीच पाळत नाही, ताई. पूजेतला शंख ज्या प्राण्याचा, तो टर्बिनेला पायरम मन्नारच्या आखातात वाळूतले किडे खाऊन जगतो. म्हणजे देव्हाऱ्यातला शंखही शिकाऱ्याचाच आहे, आणि तरी आपण प्राण्याला नि कवचाला एकच नाव देतो. अडचण वेगळीच आहे. आमच्याकडे अडाण्याला ‘निव्वळ शंख’ म्हणतात, तेव्हा ‘मांसभक्षी शंख’ वाचून पोरे कोणत्या गुरुजींकडे पाहून हसतील, ते सांगता येत नाही. राहता राहिली गोगलगाय. तिच्यातली ‘गाय’ डोक्यावरच्या दोन शिंगांमुळे आली असावी, असे मला फार दिवसांपासून वाटते.

अक्षरशोध (धुळे)
वाटण्याला व्युत्पत्ती म्हणत नाहीत.

वाघूरतीर (भुसावळ)
टायग्रिना म्हणजे वाघासारखी, हे वाचून एक शंका आली. माझी आजी दिवाळीच्या उटण्यात नखला घालीत असे आणि त्याला वाघनखही म्हणत असे. ते या ठिपकेवाल्याचेच झाकण असेल काय?

काष्ठौषधी (एरंडोल)
नव्हे. शंखाच्या तोंडावरचे झाकण हेच नखला, इतके आपले बरोबर आहे. पण नॅटिकाचे झाकण चुनखडीचे, पांढरे व कठीण असते. नखला शिंगासारखा, तपकिरी असतो, जाळला की आधी केस जळल्याचा वास येतो, आणि तो प्रामुख्याने म्युरेक्ससारख्या शंखांचा असतो. भावप्रकाश या आयुर्वेदाच्या ग्रंथातल्या कर्पूरादी वर्गात ‘नख’ आले असून ‘व्याघ्रनख’ हा त्याचाच पर्याय दिला आहे. तिथला वाघ आकारावरून आला आणि टायग्रिनातला वाघ अंगावरच्या नक्षीवरून, त्यामुळे दोघांचा परस्परांशी संबंध जोडू नये.

तापीमाई (नंदुरबार)
म्हणजे नखला प्राणिज आहे? आमच्याकडे तो सोवळ्यातल्या धुपातही घालतात!

बोरीचे पाणी (अमळनेर)
शंख सोवळ्यात चालतो, मग त्याचे दार का चालू नये?

गिरणाकाठ (चाळीसगाव)
सर्वांचे आभार, परंतु पाटी अजून कोरीच आहे. ‘गोगलगाय’ ठेवावी की नाही, एवढे कृपया कोणी सांगावे.

वाघूरतीर (भुसावळ)
ताई, तेवढे मागाहून पाहू. एरंडोलच्या वैद्यबुवांना आधी विचारतो: आजी ‘नखला’ म्हणे आणि दुकानदार ‘नखी’ म्हणतो, हे दोन जिन्नस आहेत की एकच?

काष्ठौषधी (एरंडोल)
भावप्रकाशात लहान नखाला नखी म्हटले आहे आणि तिचे आणखी एक नाव ‘हट्टविलासिनी’, म्हणजे बाजारात मिरवणारी, असे दिले आहे. दुकानदाराने पुडीत नेमके काय बांधून दिले, ते मात्र पुडी उघडल्याशिवाय सांगता येणार नाही.