मदत हवी आहे: हॅक्सबॉलची रूम रात्री बंद पडते आणि परत उठत नाही

सांगलीकर_१०
मंडळी, जरा लवकर मदत करा. हॅक्सबॉल म्हणजे ब्राउझरमधला फुटबॉल, त्यात सामने खेळायला आम्ही उघडलेली रूम रात्री आपोआप बंद पडते. रूम चालवणारी स्क्रिप्ट तीच आहे, कुणी हात लावलेला नाही. शनिवारी लीगचे सामने आहेत आणि पोरं आत्तापासून विचारतायत. कायमचा उपाय हवा. गूगल करून झालंय.

कोथरूडचा_राजा
अहो, रूम कुठे चालते ते तरी लिहा. घरचा पीसी की व्हीपीएस, म्हणजे भाड्याचा सर्व्हर? हेडलेस होस्ट, म्हणजे स्वतः खेळात न बसता स्क्रिप्टने चालवलेली रूम, की टॅब उघडा ठेवलाय? आणि बंद पडते म्हणजे लिंकच मरते, की रूम दिसते पण लोक आत येताना लटकतात? दोन्ही वेगळे आजार आहेत.

सांगलीकर_१०
व्हीपीएस. हेडलेसच. लिंक मरते.

बाळू_गोलकीपर
व्हीपीएसवर पैसे कशाला घालवता? माझी रूम घरच्या जुन्या लॅपटॉपवर मस्त चालते.

निशाचर
बाळूभाऊ, तुमच्याकडे चालते म्हणून सगळ्यांकडे चालेल असं नाही. या खेळात खेळाडू वेबआरटीसीने (ब्राउझरची थेट जोडणीची सोय) थेट होस्टला, म्हणजे रूम चालवणाऱ्या मशीनला जोडले जातात, तेही यूडीपी या नेटवर्क प्रोटोकॉलवर. बऱ्याच घरगुती कनेक्शनवर सीजीनॅट असतं, एकच आयपी अनेक घरांत वाटलेला. मग रूम यादीत दिसते, पण काहींना आत शिरता येत नाही. आणि ऐन सामन्यात लाइट गेली तर?

बाळू_गोलकीपर
इन्व्हर्टर आहे. उगाच घाबरवू नका लोकांना.

मीनल_डब्लिन
हॅक्सबॉल अजून चालू आहे?! २०१० साली आला तेव्हा फ्लॅश या ब्राउझर प्लगइनवर होता. आम्ही कॉलेजच्या लॅबमध्ये सर आले की टॅब बदलायचो. २०२० च्या शेवटी फ्लॅश बंद झालं तेव्हा केवढे खेळ गेले! हा आधीच एचटीएमएल५ वर, म्हणजे प्लगइनशिवाय ब्राउझरमध्ये चालणाऱ्या तंत्रावर गेला होता म्हणून वाचला.

पवनचक्की
रूम यादीत खाली दिसत असेल तर कॉन्फिगमध्ये जिओ द्या, देशाचा कोड आणि अक्षांश-रेखांश. जवळच्या रूम वर दिसतात.

सांगलीकर_१०
यादीत कुठे दिसते हा प्रश्नच नाही हो, रूमच नसते!

निशाचर
सर्व्हर रात्री रीबूट होतो का ते बघा. अपटाइम कमांड मारा, सर्व्हर किती वेळ सलग चालू आहे ते कळेल.

सांगलीकर_१०
अपटाइम सात तास दाखवतंय. म्हणजे पहाटे रीबूट झालाय. पण स्क्रिप्ट बूटला आपोआप सुरू होते, तसं लावलंय. लॉगमध्ये शेवटी रीकॅप्चाबद्दल काहीतरी आहे.

निशाचर
सापडलं. रूम उघडताना रीकॅप्चा, म्हणजे 'मी रोबो नाही'वाली परीक्षा सोडवावी लागते, नाहीतर हॅक्सबॉलच्या साइटवरून घेतलेलं टोकन, म्हणजे परवानगीचा कोड द्यावा लागतो. ते टोकन काही मिनिटांतच मरतं. तुमची स्क्रिप्ट जुनंच टोकन घेऊन उठते आणि दारातच अडकते. आपोआप अपडेट ठेवा, पण त्यानंतरचा आपोआप रीबूट बंद करा. रीबूट दुपारी, कुणीतरी समोर असताना हाताने करा.

कोथरूडचा_राजा
रीकॅप्चा सोडवून देणाऱ्या सेवा मिळतात, त्या जोडा की.

निशाचर
अजिबात नको. हेडलेस होस्टची सोय खेळाच्या कर्त्याने फुकट दिली आहे. तिचा गैरवापर वाढला तर उद्या सगळ्यांचीच रूम जाईल.

मुक्तस्रोत_प्रेमी
मूळ दुखणं इथेच आहे. रूम तुमची, पण यादी आणि जोडणी दुसऱ्याच्या सर्व्हरवर. रूनस्केप क्लासिक हा ऑनलाइन खेळ २०१८ मध्ये कंपनीने बंद केला तेव्हा खेळणाऱ्यांच्या हातात काय राहिलं? उलट मोझिलाचा ब्राउझरक्वेस्ट, उंदीर-राक्षस मारायचा खेळ, २०१२ चा, पण सर्व्हरसकट कोड खुला असल्याने आजही कुणीही उभा करू शकतो. तिकडे वळा.

सांगलीकर_१०
दादा, पोरांना फुटबॉल खेळायचाय, उंदीर मारायचे नाहीत.

निशाचर
तुमच्या लीगमधल्या तिघा-चौघांना सर्व्हरची मर्यादित एसएसएच की, म्हणजे दुरून लॉगिन करायची किल्ली द्या, फक्त रूम सुरू करण्यापुरती. ज्याची पाळी त्याने टोकन घेऊन रूम उठवायची. एकच माणूस सगळं करतो तिथे त्याची परीक्षा आली की रूम बंद. आणखी एक, रूम बंद झाली की बॅनची यादीही पुसली जाते. ती फाइलमध्ये साठवा. ॲडमिन नावावरून देऊ नका, नाव कुणीही लावतो. खेळाडू आत येतानाच त्याचा ऑथ, म्हणजे ओळख पटवणारा कोड मिळतो, तो तिथेच तपासा.

सांगलीकर_१०
आम्ही नावावरूनच देत होतो. आज रात्री बदलतो. पाळीसाठी दोघं तयार आहेत, तिसरा मिळाला की यादी लावतो. व्हीपीएसचं बिल मात्र अजून मी एकटाच भरतोय, ते कसं वाटता तुम्ही लोक?

बाळू_गोलकीपर
लॅपटॉप.