शवासनात रडू येते; वर्ग चालू ठेवावा का?

दांडियाबाजारकरीण:
नमस्कार. गेल्या मार्गशीर्षात माझे यजमान अचानक गेले. दिवसकार्य, बँकेची कामे आणि मुलीची परीक्षा यांत पहिले तीन महिने मला रडायलाही सवड झाली नाही. त्यानंतर मात्र छातीवर वजन ठेवल्यासारखे वाटणे, खांदे सतत आखडलेले असणे आणि पहाटे चारला जाग येणे सुरू झाले. ईसीजी व इतर तपासण्या झाल्या असून हृदय ठीक आहे. डॉक्टरांच्या सांगण्यावरून मी घराजवळच्या एका योगवर्गात जाऊ लागले. आसने चालू असेपर्यंत मला बरे वाटते, पण शेवटी दिवे मालवून शवासन सुरू झाले की काही मिनिटांतच हुंदका येतो, हात गार पडतात आणि दवाखान्यातली ती रात्र डोळ्यांपुढे उभी राहते. शिक्षिका म्हणतात, साठलेले दुःख बाहेर पडते आहे, उठू नका. घरी आल्यावर मात्र पुढचे दोन दिवस मी कोणाशी धड बोलू शकत नाही. हे खरोखर बरे होण्याचे लक्षण आहे का?

फिजिओ_अलकापुरी:
ताई, रडू येणे आणि त्या रात्रीत पुन्हा ओढले जाणे, या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. रडून झाल्यावर श्वास मोकळा होत असेल आणि आपण कुठे आहोत याचे भान राहत असेल, तर रडण्याची भीती बाळगू नये. तुमचे वर्णन तसे नाही. शरीर अजून धोक्याच्या पवित्र्यात असताना अंधार, मिटलेले डोळे आणि निपचित पडणे यांमुळे बाहेरचे सगळे आधार एकदम सुटतात. शवासन दिसायला सर्वांत सोपे आसन असले तरी अशा वेळी तेच सर्वांत अवघड ठरू शकते.

ते सध्या सोडा. भिंतीला पाठ टेकून, डोळे उघडे ठेवून बसा आणि तळपायांना लागणारी फरशी गार आहे की कोमट, एवढेच पाहा. त्याआधी मार्जारासन (हात-गुडघ्यांवर राहून मांजरासारखी पाठ वर-खाली करणे) श्वासाच्या लयीत, अगदी सावकाश करा. उच्छ्वास थोडा लांबवला की नाडी मंदावते, हे मनगटावर बोट ठेवून तुम्हालाच कळेल. छातीकडे लक्ष नेल्यावर घाबरायला होत असेल तर लक्ष हातापायांकडे वळवा, छातीशी झगडू नका.

मानसोपचारतज्ज्ञ बेसेल व्हॅन डर कोल्क यांच्या २०१४ च्या अभ्यासात जुन्या मानसिक आघातानंतरच्या ताणविकाराने (पीटीएसडी) ग्रासलेल्या ६४ स्त्रिया होत्या. दहा आठवड्यांनंतर योग करणाऱ्या गटातल्या ३१ पैकी १६ जणी त्या आजाराच्या निकषांत बसत नव्हत्या. दुसऱ्या गटात हे प्रमाण २९ पैकी ६ होते. तुमचे दुःख म्हणजे तोच आजार, असे मी म्हणत नाही. पण त्या पद्धतीत हालचाल करायची की थांबायचे, हे करणारीनेच ठरवायचे असते, आणि ‘उठू नका’ हे वाक्य नेमके त्याच्या उलट आहे.

कमाटीबाग_फेरी:
मला ‘साठलेले दुःख बाहेर पडते’ ही भाषाच पटत नाही. दुःख म्हणजे काही गळू नव्हे, की दाबले आणि निचरा झाला. बडोद्यात व्यायामगुरू माणिकरावांकडे व्यायाम शिकलेले आणि गुजरातेतल्या मालसरला योगी माधवदासजींपाशी राहिलेले स्वामी कुवलयानंद यांनी १९२४ मध्ये लोणावळ्याला कैवल्यधाम ही योगसंस्था काढली, ती आसनांचा परिणाम उपकरणांनी मोजून पाहण्यासाठी. योगाविषयी बोलताना तेवढी सावधगिरी आपणही ठेवावी.

भाऊ गेल्यावर मला डोळे मिटून बसणे अजिबात जमले नाही. मी कमाटीबागेत सकाळी पावले मोजत चालत असे: टाच, चवडा, बोटे. मन भरकटले की पुन्हा टाचेपासून सुरुवात. तीन-चार आठवड्यांनी जेवणाची चव कळू लागली, याहून मोठा दावा मी करणार नाही.

समुपदेशक_रावपुरा:
फिजिओताईंशी सहमत. मात्र वर्ष होत आले तरी तो प्रसंग दृश्यरूपाने परत येतो आहे, त्यामुळे केवळ व्यायामावर विसंबू नये. मानसोपचारतज्ज्ञांना किंवा समुपदेशकांना एकदा जरूर भेटा. फार असह्य झाल्यास टेलिमानस या सरकारी मानसिक आरोग्य मदतवाहिनीच्या १४४१६ या क्रमांकावर फोन करता येतो.

दांडियाबाजारकरीण:
सर्वांचे आभार. काल शिक्षिकांना स्पष्ट सांगितले. त्या थोड्या नाराज झाल्या, पण दाराजवळचा दिवा चालू ठेवायला तयार झाल्या. मी भिंतीशी बसून राहिले. रडू आलेच, पण फरशी गार आहे हे कळत होते, आणि घरी आल्यावर मुलीबरोबर जेवले. भेटीची वेळ पुढच्या मंगळवारची मिळाली आहे.