फोर्स टेबल: रिझल्टंट आणि इक्विलिब्रंट एकाच दिशेला येतायत, मदत हवी आहे

फर्स्ट इयर इंजिनिअरिंगला आहे, मेकॅनिक्सचं जर्नल सबमिट करायचंय आणि एका रीडिंगवर गाडी अडलीये. फोर्स टेबलवर (कोनांच्या खुणा असलेलं गोल टेबल, कडेच्या पुल्यांवरून वजनं लटकवून मधली रिंग पिनच्या बरोबर मध्ये आणायची) ३० डिग्रीला १०० ग्रॅम आणि १२० डिग्रीला २०० ग्रॅम लावले, हॅन्गरचं वजन धरूनच. एक्स आणि वाय दिशेचे घटक काढले तर एक्सची बेरीज ८६.६ वजा १०० म्हणजे -१३.४, वायची ५० अधिक १७३.२ म्हणजे २२३.२, रिझल्टंट, म्हणजे दोन्ही बलांची मिळून बेरीज, आला २२३.६ ग्रॅम, इथपर्यंत ठीक. पण कोनासाठी वाय भागिले एक्सचं टॅन इनव्हर्स केलं की कॅल्क्युलेटर -८६.६ दाखवतो, म्हणजे २७३.४ डिग्री. मग इक्विलिब्रंट, म्हणजे रिझल्टंटला तोलणारं बल, त्याच्या समोर म्हणून तिसरी पुली ९३.४ ला नेली तर रिंग थेट पिनवर जाऊन आपटते, आणि पार्टनरने तीच पुली उगाच २७३.४ ला लावली तर बरोब्बर मध्ये! मग दोन्ही एकच झाले का?? शिवाय तिसऱ्या पुलीला २२० लावा नाहीतर २२५, रिंग मध्येच राहते, तर लिहायचं काय? व्हायवाला (तोंडी परीक्षेला) हेच विचारतात म्हणे.

प्रतिसाद:
अरे आधी कागदावर आकृती काढ ना. दोन्ही दोरे वरच्या अर्ध्यात ओढतायत, मग बेरीज खाली जाईलच कशी? कॅल्क्युलेटरला फक्त भागाकार मिळतो, -१६.७, त्यातलं ऋण चिन्ह एक्सचं की वायचं हे त्याला कळायला मार्ग नाही, म्हणून तो कायम -९० ते ९० मधलंच उत्तर देतो. एक्स ऋण असला की १८० मिळवायचे. म्हणजे रिझल्टंट ९३.४ ला, जड वजनाच्या बाजूला झुकलेला, आणि इक्विलिब्रंट २७३.४ ला. पार्टनरला चहा पाज.

२२०-२२५ चं कारण पुलीचं घर्षण. वजन वाढवत जा, रिंग एका बाजूला सरकली की थांब, मग कमी करत जा, दुसऱ्या बाजूला सरकेपर्यंत. दरवेळी टेबलावर हलकी टिचकी मार आणि दोरे रिंगच्या केंद्राच्या रेषेत आहेत ना ते बघ, तिरके असले तर कोनच चुकतो. २१५ आणि २३० ला रिंग सरकत असेल तर मधला आकडा २२२.५ लिही, गणितापेक्षा जेमतेम अर्धा टक्का कमी.

धागाकर्ता:
ओह, कळलं! ग्रॅमचं न्यूटन करायलाच हवं का?

प्रतिसाद:
तक्त्यात कर, बल आहे ते. ०.२२३६ गुणिले ९.८ म्हणजे २.१९ न्यूटन. कोन तोच राहतो, सगळ्यांनाच ९.८ ने गुणतोयस.