विज्ञानकथेतल्या 'निजतारा'साठी मदत हवी

घोडबंदरकर: दिवाळी अंकासाठी कथा लिहितेय. त्यात 'निजतारा' हा कल्पित पल्सर, म्हणजे ठरावीक काळाने स्पंदनं पाठवणारा तारा, आहे. त्याची स्पंदनं फक्त झोपलेल्याला जाणवतात आणि त्यांवरून स्वप्नातल्या जागांचा नकाशा काढतात. माझ्या नायिकेला ठाण्याचा मासुंदा तलाव दिसतो, पण गडकरी रंगायतन पार भलत्या काठावर, आणि त्याच्या पायऱ्या थेट पाण्यात उतरलेल्या! ही जागा नकाशावर पक्की कशी करायची?

नेरूळकर: एका ताऱ्यावर भागणार नाही. 1972 साली सुटलेल्या पायोनियर 10 या अंतराळयानावरच्या धातूच्या पाटीवर सूर्याची जागा 14 पल्सरांच्या आधारे दाखवली आहे. प्रत्येकाचा स्पंदनकाळ वेगळा, त्यामुळे कुठला कोण ते कळतं. 1967 मध्ये जोसेलिन बेल यांना सापडलेल्या पहिल्याचा ठोका साधारण 1.337 सेकंदांनी पडतो. तुम्ही निदान तीन तरी निजतारे घ्याच.

कळवेकर: वेळही धरा, ताई. आरईएम झोप, म्हणजे ठळक स्वप्नं पडतात ती, साधारण दर 90 मिनिटांनी येते आणि पहाटेकडे लांबत जाते. मोजणी तेव्हाच करवा.

घोडबंदरकर: वा, हे फार कामाचं! तीन तारे घेते. पायऱ्या मात्र हलवणार नाही; पहाटेच्या मोजणीत ती त्या उतरून जाते, असं आत्ताच सुचलं.