परांजपे परिवार ग्रुप: लॉरा कोण?

रविवार, २६ जानेवारी २०२५

नंदूकाका, ७:४१
सुप्रभात. काल मध्यरात्रीनंतर या ग्रुपवर किती मेसेज पडले ते ज्याने टाकले त्याने मोजावेत. मी फोन उशाशी ठेवतो तो अण्णांसाठी. टुंग टुंग वाजायला लागल्यावर माझ्या छातीत धस्स झालं. उघडून बघतो तर "लॉरा!!! लॉराआआ!!!" कोण ही लॉरा? आपल्यात कुणाचं जमलंय का?

मंदाकाकू, ७:४४
मी तर पेढ्यांचं बघायला लागले होते 😄

अण्णा, ७:५०
(तिरंग्याचं चित्र) सर्वांना प्रजासत्ताक दिनाच्या हार्दिक शुभेच्छा

बाळूदादा, ७:५२
शुभेच्छा 🙏 गुहागरच्या घराच्या माजघराच्या कौलांची वर्गणी, घरटी ४,५००. पाच घरं बाकी. पावसाच्या आधी काम व्हायला हवं, सुतार मार्चनंतर मिळत नाही.

विजूआत्या, ८:०५
नंदू, ती गाण्याची स्पर्धा आहे, युरोपातली, युरोव्हिजन. चिन्मयचं गेल्या वर्षीही हेच चाललं होतं.

नंदूकाका, ८:०७
ती मे महिन्यात असते. मला एवढं कळतं. जानेवारीत कसला गोंधळ?

प्राजक्ता, ८:१५
बाबा, मेमध्ये मोठी. त्याआधी प्रत्येक देश आपलं गाणं निवडतो. काल लक्झेंबर्गची निवड होती. लॉरा थॉर्न निवडून आली. आता मेमध्ये स्वित्झर्लंडला, बाझेलला तीच जाणार.

नंदूकाका, ८:१९
धन्यवाद. पण देश केवढा? आपल्या ठाण्यात त्याच्यापेक्षा जास्त माणसं असतील. आणि त्यासाठी पुण्यातल्या ज्येष्ठ नागरिकाची झोप?

सुनीलमामा, ८:२६
(तिरंग्याचं चित्र) जय हिंद

मंदाकाकू, ८:२७
सुनील, हेच चित्र अण्णांनी टाकलंय रे.

सुनीलमामा, ८:२८
माझ्यात चक्र स्पष्ट दिसतंय.

विजूआत्या, ८:४०
बाकी काही असो, निवड पद्धतशीर करतात म्हणे. चिन्मय सांगत होता, निम्मे गुण बाहेरच्या देशांतल्या परीक्षकांचे आणि निम्मे लोकांच्या मतांचे. गावगोंधळ नाही.

मंदाकाकू, ८:४३
बाहेरचे परीक्षक! किती छान कल्पना. 🙏

विजूआत्या, ८:४४
मंदा, तुला काय म्हणायचंय ते सरळ म्हण.

मंदाकाकू, ८:४५
काही नाही बाई. छान कल्पना म्हटलं.

प्राजक्ता, ८:४६
आई, प्लीज.

बाळूदादा, ९:१०
माजघराच्या कौलांची वर्गणी, घरटी ४,५००. पाच घरं बाकी. नावं टाकत नाही, ज्यांना कळायचं त्यांना कळतं.

नंदूकाका, ९:१२
मी दिलेत. १२ तारखेला.

बाळूदादा, ९:१२
काका, तुम्ही सोडून.

चिन्मय (लक्झेंबर्ग), १२:१०
सॉरी सॉरी सॉरी. काका, आत्ता उठतोय. काल थेट हॉलमध्येच होतो, रॉकहालला. जोशात चुकून भावंडांच्या ग्रुपऐवजी इथे गेलं सगळं. अण्णा, तुम्ही ठीक ना?

अण्णा, १२:१४
मी नऊला झोपतो फोन बंद करून नंदूला सांगितलंय

चिन्मय, १२:२०
ऐका तरी. हा हॉल आहे बेलवालला. बेलवाल म्हणजे जुना पोलादाचा कारखाना. दोन भट्ट्या तशाच उभ्या ठेवल्यात, रात्री दिवे सोडतात त्यांच्यावर. त्यांच्या पायथ्याशी हॉल. भट्ट्या थंड झाल्या, पण आपल्या मित्तलांची पोलादाची कंपनी याच देशात बसते, हे मी सगळ्यांना सांगत सुटलो होतो.

केतकी (लक्झेंबर्ग), १२:२२
शेजारच्या आजीबाईंना तीनदा सांगितलं. त्यांचे यजमान त्याच कारखान्यात होते. चौथ्यांदा त्या उठून दुसऱ्या रांगेत गेल्या.

नंदूकाका, १२:२५
आणि रात्री घरी कसे आलात? बाळ कुठे होतं?

केतकी, १२:२६
रेल्वेने, काका. इथे सगळा सार्वजनिक प्रवास फुकट आहे, २०२० पासून. बाळ माझ्या मैत्रिणीकडे.

सुनीलमामा, १२:२८
फुकट?? आणि इथे शिवनेरीचं तिकीट बघा.

नंदूकाका, १२:३१
विषयांतर नको. मी मघाशी वाचन केलं. लक्झेंबर्गने ही स्पर्धा पाच वेळा जिंकली. १९६१, ६५, ७२, ७३, ८३. पाचही वेळा गाणारा लक्झेंबर्गचा नाही! चार फ्रान्सचे, एक ग्रीक बाई. याला जिंकणं म्हणतात का? भाड्याने टीम आणायची आणि ट्रॉफी आपल्या शोकेसमध्ये.

रोहन (डब्लिन), १२:३४
काका सुटले 😂 आमच्या आयर्लंडचे सात विजय आहेत, सगळे घरचे.

नंदूकाका, १२:३५
तुमचे? तू दीड वर्षापूर्वी गेलास.

केतकी, १२:४८
काका, मुद्दा बरोबर आहे, पण त्यांनी घरचा माणूसही पाठवून बघितलाय. १९६०ला कामिलो फेल्गेन, इथलाच, लक्झेंबर्गिश भाषेत गायला. एक गुण. शेवटचा नंबर. पुढच्याच वर्षी फ्रेंच गायक पाठवला आणि जिंकले. मग पुढे बहुतेक बाहेरचेच.

विजूआत्या, १२:५०
एक गुण! बिचारा.

केतकी, १२:५९
तेव्हा गायक कोण हे आरटीएलवालेच, म्हणजे इथलं टीव्ही चॅनल, ठरवायचे, आणि त्यांची नजर पॅरिसकडे. १९९३ला गाणं इतकं खाली गेलं की पुढच्या वर्षी भागच घेता येणार नव्हता. मग ते परतलेच नाहीत. थेट २०२४. एकतीस वर्षं. आताच्या पद्धतीत अर्ज मागवतात, ऑडिशन होते, गायकाचं या देशाशी नातं हवं. गेल्या वर्षीची गायिका ताली जन्मली जेरुसलेमला, पण लहानपणीच इथे आली. तेरावी आली. इतक्या वर्षांनी गेलेल्यांना ते सुवर्णपदकच होतं. दुसऱ्या दिवशी आमच्या बेकरीतल्या बाईने मला कारण न सांगता जादाचा क्रॉसाँ दिला.

नंदूकाका, १३:०३
म्हणजे परत बाहेरचीच. पाच विजय, एकही त्यांचा नाही. आणि आता जेरुसलेम.

चिन्मय, १३:०५
काका, इथे जवळपास निम्मे लोक परदेशी पासपोर्टवाले आहेत. "बाहेरचा" म्हणायचं तर मग मी कोण? केतकी कोण?

नंदूकाका, १३:०६
तुम्ही परांजपे.

अण्णा, १३:०९
आपण मूळचे गुहागरचेही नाही आपले पणजोबा देवरुखहून आले

सुनीलमामा, १३:१०
अण्णांनी विकेट काढली.

बाळूदादा, १३:१५
गुहागरवरून आठवलं. माजघराच्या कौलांची वर्गणी, घरटी ४,५००. पाच घरं बाकी.

केतकी, १३:३०
बाळूदादा, आमचे आज पाठवते, नक्की. आत्याबाई, तुम्ही सकाळी म्हणालात ना पद्धतशीर, त्याबद्दल. बाहेरचे परीक्षक का आणतात ते इथे राहिल्यावर कळतं. पावणेसात लाख माणसं. गायकाचा मास्तर माझ्या ऑफिसातल्या बाईचा मेहुणा, कॅमेरावाला तिचा शाळासोबती. रेडिओवर कोणी कोणाचं कौतुक केलं की लोक आधी आडनाव बघतात. घरातल्या घरात निवडलं तर जिंकणाऱ्यालाही आयुष्यभर ऐकावं लागतं की तुझी सोय लावली होती. म्हणून निम्मे गुण अशा माणसांच्या हातात, ज्यांना इथलं कोण कोणाचं कोण हे माहीतच नाही.

मंदाकाकू, १३:३२
केतकी, अगदी मनातलं बोललीस.

विजूआत्या, १३:३४
मंदा, आता बोलच. २०२२चं स्नेहसंमेलन ना? सोहम पहिला आला कारण तो सुरात गायला. तो माझा विद्यार्थी आहे हा त्याचा गुन्हा?

मंदाकाकू, १३:३६
मी नाव घेतलं का कुणाचं? सोहम गुणी आहे. तुमच्या जावयाचा पुतण्या आहे हेही तेवढंच खरं.

प्राजक्ता, १३:३७
आईईई. मला दुसऱ्या नंबराचा मिक्सर मिळाला, तो अजून चालतो. पहिल्याला शाल मिळाली. मी सुखी आहे.

विजूआत्या, १३:३९
परीक्षक सुराला गुण देतो. पस्तीस वर्षं शिकवलं आहे मी. अंतऱ्यात श्वास तुटला होता, हे प्राजक्ताला मी तेव्हाच सांगितलं.

मंदाकाकू, १३:४०
हो. माइकवर सांगितलंत.

नंदूकाका, १३:४४
दोघींनी थांबावं ही विनंती. मूळ मुद्दा: पाच विजय, एकही त्यांचा नाही.

रोहन, १३:४७
काका, इटलीच्या पोटातला तो चिमुकला देश, सॅन मरिनो, बघा मग. चौतीस हजार माणसं. त्यांनी निवड अख्ख्या जगाला खुली केली, कुठलाही पासपोर्ट चालतो. २०२२ला इटलीचा गायक आखिले लाउरो, सान्रेमोला, म्हणजे इटलीच्या स्वतःच्या गाण्याच्या स्पर्धेत, मनासारखं झालं नाही म्हणून तिकडे गेला, जिंकला आणि सॅन मरिनोकडून उभा राहिला. त्याआधी एकच बाई, वालेंतिना मोनेत्ता, चार वेळा पाठवली होती. करणार काय? माणसं संपतात.

सुनीलमामा, १३:५०
चार वेळा एकच उमेदवार. आमच्या वॉर्डासारखं.

चिन्मय, १३:५८
पण काका, कालचं गाणं ऐका एकदा. १९६५ला जे जिंकलं ना, फ्रान्स गॉल नावाच्या गायिकेचं, सर्ज गेन्सबूरने लिहिलेलं, त्यात ती मुलगी म्हणजे मेणाची बाहुली, दुसऱ्याच्या तालावर बोलणारी. लॉराचं गाणं त्यालाच साठ वर्षांनी दिलेलं उत्तर आहे. "ला पूपे मोंत ल सों", बाहुली आवाज वाढवते. स्टेजवर बाहुलीचं घर, ती दोऱ्या तोडून बाहेर.

विजूआत्या, १४:०१
हे सुंदर आहे. कोणी लिहिलं?

केतकी, १४:०३
फ्रेंच माणसांनी 🙈

नंदूकाका, १४:०३
!!!!!

नंदूकाका, १४:०४
मी सकाळपासून काय सांगतोय?

केतकी, १४:१२
काका, मी तिला मत दिलंच नव्हतं. माझं दुसऱ्याला होतं. चिन्मय अजून रागावलाय. पण मत देताना एक वाटलं. २०१५ला इथे जनमत घेतलं, परदेशी रहिवाशांना संसदेसाठी मत द्यावं का म्हणून. ७८ टक्के लोक नाही म्हणाले. गावच्या निवडणुकीत देता येतं, संसदेला नाही. देशाचं म्हणून जे काही निवडलं जातं त्यातलं मला फक्त हे गाणंच निवडता येतं. म्हणून गंभीरपणे दिलं.

प्राजक्ता, १४:१३
वहिनी ❤️

नंदूकाका, १४:२०
मग नागरिकत्व घ्या. किती वर्षं लागतात?

चिन्मय, १४:२२
पाच. आणि लक्झेंबर्गिशची परीक्षा. पण भारत दुहेरी नागरिकत्व देत नाही, हा पासपोर्ट सोडावा लागेल.

अण्णा, १४:२५
आजच्या दिवशी हा विषय नको

चिन्मय, १४:२६
हो अण्णा.

सुनीलमामा, १४:३०
केतकी, मेमध्ये तुम्हीच सगळे मिळून मतं दिलीत तर जिंकाल की.

केतकी, १४:३३
स्वतःच्या देशाला मत देता येत नाही, मामा. पण २०२३ पासून जे देश स्पर्धेत नाहीत तिथले लोक ऑनलाइन मत देऊ शकतात, त्या सगळ्यांची मिळून एका देशाएवढी किंमत. म्हणजे मी इथे राहून लक्झेंबर्गला मत देऊ शकत नाही आणि नंदूकाका कोथरूडमधून देऊ शकतात. यंदा उपांत्य फेरीत तर परीक्षकच नाहीत, सगळं लोकांच्या हातात.

मंदाकाकू, १४:३५
यांच्या हातात?? गेलं लक्झेंबर्ग.

नंदूकाका, १४:३८
पैसे लागतात का?

केतकी, १४:३९
हो, कार्डाने.

नंदूकाका, १४:४०
मग विचार करावा लागेल.

बाळूदादा, १४:४१
विचार करताना कौलांचाही करा, बाकीच्यांनी.

विजूआत्या, १४:५५
यंदा मेमध्ये स्नेहसंमेलन गुहागरलाच आहे. मी परीक्षक नाही. आधीच सांगून ठेवते. ज्यांना बाहेरचे हवेत त्यांनी आणावेत.

मंदाकाकू, १४:५७
असं काय करता वन्सं, तुमच्याशिवाय कोण आहे?

विजूआत्या, १४:५८
रोहनची रूममेट आयरिश आहे ना, तिला बोलवा. तिला आपल्यातलं कोण कोणाचं कोण काही माहीत नाही.

रोहन, १५:००
आत्या, ती रूममेट नाही म्हणजे. म्हणजे आहे. मी फोन करतो.

प्राजक्ता, १५:००
😳

सुनीलमामा, १५:०१
😳😳

नंदूकाका, १५:०२
रोहन. आधी मला फोन कर.

मंदाकाकू, १५:०३
नाव काय तिचं? लॉरा तर नाही ना?

रोहन, १५:०४
काकू, ईफा. आयरिश नाव आहे.

अण्णा, १५:१०
चिन्मयने पाठवलेलं गाणं ऐकलं मुलगी स्वच्छ गाते वाद्यं फार आहेत शब्द कळत नाहीत म्हणून बरं वाटलं

विजूआत्या, १५:११
सूर कसा वाटला अण्णा?

अण्णा, १५:१३
तो तू ठरव मी प्रेक्षक आहे