मुरगाव बंदरातील कामगार: वास्को शहर कोणी वसवले?

प्रश्न: बिल्लाधारकाचा नातू

माझे आजोबा पोर्तुगीज अमदानीत वेंगुर्ल्याकडून मुरगाव बंदरात कामाला आले. एक पितळी बिल्ला आणि त्यावरचा पुसट क्रमांक एवढीच त्यांच्या त्या दिवसांची खूण घरात उरली आहे. या बंदरालगत वाढलेल्या गोव्यातील वास्को शहरावरील लेखनात १८७८ चा इंग्रज-पोर्तुगीज करार, लोहमार्ग, धक्का आणि खनिजाच्या बोटी ओळीने येतात. मात्र रूळ टाकणारे आणि बोटी भरणारे लोक कोठून आले व कोणत्या वाड्यावर राहिले, याविषयी एखाददुसऱ्या वाक्यापलीकडे काही सापडत नाही. या शहराचा कामगारवर्ग नेमका कसा घडला आणि त्यातल्या काहींनाच ‘भायले’, म्हणजे बाहेरचे, हे नाव का चिकटले, हे जाणकारांनी कृपया सांगावे.

उत्तर १: निवृत्त गोदी कारकून

मडगाव किंवा म्हापसा यांसारखे वास्को हे जुन्या बाजारपेठेभोवती वाढलेले शहर नाही, हे प्रथम लक्षात घ्यावे. किनाऱ्यावर खारव्यांची, म्हणजे मासेमारांची, वस्ती होती, खारीवाड्याच्या नावात ती आजही टिकून आहे. परंतु शहर म्हणून जे उभे राहिले ते बंदर आणि लोहमार्ग यांच्या पोटी. हा लोहमार्ग इंग्रजी कंपनीने १८८० नंतरच्या दशकात बांधला. तो दूधसागरावरून घाट चढून कॅसलरॉकला पोहोचला आणि पुढे लोंढ्यावरून हुबळीला जोडला गेला. त्यामुळे पणजीला जाण्यासाठी नदी ओलांडावी लागणाऱ्या या गावाला धारवाड मात्र एका गाडीच्या अंतरावर आले. घाटावरचा मजूर येथे उतरला तो या गाडीने, आणि ‘घाटी’ हा शब्द आज कितीही हिणवून उच्चारला जात असला, तरी मुळात तो केवळ दिशा सांगणारा होता.

१९५० नंतर जपानला जाणाऱ्या लोहखनिजामुळे बंदराला माणसे अपुरी पडू लागली. त्यातच १९५५ मध्ये भारताने आर्थिक नाकेबंदी केली, सीमेपलीकडची गाडी बंद झाली आणि पुष्कळांची घरे एका बाजूला व पोट दुसऱ्या बाजूला अशी फाटाफूट झाली. आपले आजोबा त्यांपैकीच असावेत.

मी नोकरीला लागलो तो मुक्तीनंतरचा काळ. १९६४ मध्ये पोर्ट ट्रस्ट स्थापन झाला होता, पण फावडे अजून सुटले नव्हते. टोळीतील माणसे बार्जच्या, म्हणजे खनिज वाहणाऱ्या सपाट बोटीच्या, पोटात उतरत आणि पाळी संपवून वर येत तेव्हा केसांपासून नखांपर्यंत एकाच तांबड्या रंगाची झालेली असत. हजेरी घेताना मी माणसे चेहऱ्यावरून नव्हे, आवाजावरून ओळखत असे. त्यांच्या सदऱ्याच्या शिवणीतली माती कितीही धुतली तरी निघत नसे. १९७९ मध्ये खनिज हाताळणीचा यांत्रिक प्रकल्प सुरू झाला, आणि टोळ्या हळूहळू विरळ होत गेल्या.

उत्तर २: मांगोरची शिक्षिका

कागद नसतील तर सप्ताह पाहावा, असे मी सुचवेन. नागपंचमीच्या दुसऱ्या दिवशी सुरू होणारा वास्कोतील श्री दामोदराचा भजनी सप्ताह एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस साथीच्या दिवसांत सुरू झाला, असे परंपरा सांगते. त्यात रात्री जे पार, म्हणजे भजनी मिरवणुका, निघतात त्यांची नावे ऐका: दैवज्ञ, नाभिक, बाजारकार, गाडेकार. जात आणि धंदा यांची ही एका परीने शहराची जुनी खानेसुमारीच आहे. पण तीही अपुरी आहे. वास्कोच्या बायणा किनाऱ्यावरील कन्नड हमाल किंवा लमाणी बाई सप्ताहाच्या फेरीत, म्हणजे जत्रेच्या बाजारात, खरेदीला आणि विक्रीला दिसते. तिच्या नावाचा पार मी तरी पाहिलेला नाही.

न्यायालयाच्या आदेशानंतर जून २००४ मध्ये, ऐन पावसात, बायणा किनाऱ्यावरील वस्ती पाडण्यात आली. वर्तमानपत्रांच्या लेखी ती केवळ वेश्यावस्ती होती. मात्र तेथे रोजंदारीवर जगणारी साधी कुटुंबेही राहत होती. माझ्या वर्गातली दोन मुले त्यानंतर शाळेत आली नाहीत, आणि हजेरीपटावर त्यांच्या नावापुढे ‘गैरहजर’ एवढेच लिहिणे मला भाग पडले.

उत्तर ३: तारवटीचा मुलगा

कारकून महोदयांचे विवेचन पटले, पण ‘घाटी’ या शब्दाची त्यांनी फारच सहज सुटका केली. तो ज्याला उद्देशून म्हटला जातो त्याला त्यातली दिशा ऐकू येत नाही.

दुसरे असे की ज्या १८७८ च्या कराराने लोहमार्ग आणला, त्यानेच गोव्यातील मीठ आणि अबकारी यांवर इंग्रजांचा ताबा बसवला. मिठागरांत राबणारे आणि माडाला चढणारे रेंदेर त्यात भरडले गेले, आणि आधीच मुंबईकडे वाहणारा लोंढा वाढला. म्हणजे घाटावरचे लोक वास्कोत येत होते आणि सासष्टी-बार्देसचे लोक त्याच काळात मुंबईत ‘भायले’ होत होते. माझे वडील तारवटी, म्हणजे जहाजावरचे खलाशी; जहाजाची वाट पाहत ते मुंबईत धोबीतलावच्या कूडीत राहत: गावाच्या मालकीची जागा, प्रत्येकाची एक ट्रंक, भिंतीला आल्तार (वेदी) आणि संध्याकाळी सक्तीचा तेर्स (जपमाळेची प्रार्थना).

मग वास्कोत घाटावरच्या मजुरांची अशी कूड का उभी राहिली नाही? माझ्या मते याचे कारण मुकादम. तारवटी गावाच्या भरवशावर मुंबईत उतरे. येथला मजूर मुकादमाच्या भरवशावर उतरला. काम त्याच्याकडून, उसनवारी त्याच्याकडून आणि खोलीही त्याचीच. एकाच गावचे दहाजण एकत्र येऊन खोली घेतील, एवढी उसंत त्या व्यवस्थेत नव्हती.

प्रश्नकर्ता

तिघांचाही आभारी आहे. पगारातून खोलीचे भाडे मुकादम आधीच कापून घेई आणि उरलेले पैसे मोजून दाखवत नसे, असे आजी नेहमी सांगत असे. आजोबांना हिशेब जमत नव्हता याची ती तक्रार आहे, असेच आम्ही आजवर समजत आलो होतो.