चेहरा अतिशय कोरडा पडून पापुद्रे निघत आहेत. दोष पाण्याचा, साबणाचा की वयाचा?

सातपुडा पायथा (यावल तालुका) यांचा प्रश्न

सर्वांना नमस्कार. माझे वय ४१ आहे आणि मी यावल तालुक्यातील एका शाळेत शिक्षिका आहे. रोज ११ किलोमीटर दुचाकीने, केळीच्या बागांमधल्या धुळीच्या रस्त्याने जाणे-येणे होते, त्यामुळे घरी आल्यावर साबणाने तोंड धुतल्याशिवाय बरे वाटत नाही. सकाळी, दुपारी घरी असले तर दुपारी आणि संध्याकाळी अशी साबणाची सवय मला लहानपणापासून आहे, आणि इतकी वर्षे तिचा काही त्रास झाला नाही.

गेल्या दिवाळीपासून मात्र चेहरा फुटू लागला आहे. धुतल्यावर पाचच मिनिटांत गालांची कातडी इतकी ताणली जाते की वर्गात मोठ्याने वाचून दाखवताना ओठांच्या कडांना दुखते. गालावर नखाने हलकी रेघ ओढली तर पांढरी रेघ उमटून राहते. नाकपुड्यांच्या बाजूला आणि भुवयांमध्ये कोंड्यासारखे पापुद्रे सुटतात आणि कोणतेही क्रीम लावले की पहिली काही मिनिटे आग होते.

याच काळात आमच्या गल्लीला नव्या कूपनलिकेचे पाणी सुरू झाले. ते फार जड आहे, डाळ लवकर शिजत नाही आणि बादलीच्या आतून पांढरा थर धरतो. घरातले म्हणतात की पाणी भरपूर प्यावे आणि जेवणात तूप वाढवावे. मी दोन्ही केले. शेजारच्या वहिनींच्या सांगण्यावरून बेसन, हळद आणि लिंबाचा लेपही लावला, त्यानंतर त्रास वाढला. हा त्वचेचा स्वभाव आहे, पाण्याचा परिणाम आहे की वयाचा, आणि सुरुवात कोठून करावी, हे कृपया कोणी नीट समजावून सांगावे.

जंक्शन (भुसावळ) यांचे उत्तर

ताई, तुम्ही विचारलेली तिन्ही कारणे एकाच ठिकाणी घाव घालत आहेत, म्हणून आधी ते ठिकाण पाहू. मी औषधनिर्माणशास्त्र शिकवून निवृत्त झालो आहे. डॉक्टर नाही, त्यामुळे माझे लिहिणे त्या मर्यादेतच वाचावे.

चेहऱ्याच्या त्वचेचा सर्वांत वरचा थर साधारण १० ते २० मायक्रोमीटर जाडीचा, म्हणजे कागदापेक्षाही पातळ असतो. त्यात मृत पेशींच्या चपट्या विटा एकावर एक रचलेल्या असतात, आणि विटांच्या सांध्यांत सेरामाइड, कोलेस्टेरॉल व स्निग्धाम्ले यांचा गारा भरलेला असतो. आपल्याकडच्या धाब्याच्या घरावर पावसाळ्यापूर्वी पांढरी माती टाकतात, आणि एखाद्या वर्षी ती टाकायची राहिली की पाणी आत झिरपते. चेहऱ्याच्या बाबतीत वाट उलटी आहे: सांध्यांतला गारा धुऊन गेला की आतले पाणी बाहेर उडून जाते. त्या थरातील पाण्याचे प्रमाण सुमारे १० टक्क्यांच्या खाली गेले की तो ताठ होतो आणि तडकतो. जुन्या पेशी एकेक करून, नकळत गळून पडाव्यात यासाठी जी विकरे (एन्झाइम) काम करतात त्यांनाही पाणी लागते. ते मिळाले नाही की पेशी सुट्या न होता झुबक्याने सुटतात, आणि तेच तुम्हाला दिसणारे पापुद्रे आहेत. ज्या फटींतून पाणी बाहेर जाते त्याच फटींतून क्रीममधली सुगंधी द्रव्ये आत शिरतात, म्हणून आग होते.

आता तुमच्या तिन्ही संशयितांकडे येतो. निरोगी त्वचा किंचित आम्लधर्मी असते, तिचा सामू (पीएच, म्हणजे आम्लता मोजणारा आकडा; तो जितका कमी तितके आम्ल जास्त) सुमारे ५ असतो. नेहमीच्या अंगाच्या साबणाचा सामू ९ ते १० असतो, आणि तो मळाबरोबर सांध्यांतला गाराही काढून नेतो. जड पाण्यातील कॅल्शियम साबणाशी मिळून न विरघळणारा चिकट साका तयार करते. तो गालावरही उरतो. तरीही पाणी गोडे करणारे यंत्र बसवण्यासाठी आजच हजारो रुपये घालू नका, असे मी सांगेन. इंग्लंडमध्ये इसब असलेल्या ३३६ मुलांवर झालेल्या आणि २०११ साली प्रसिद्ध झालेल्या चाचणीत अशा यंत्रांमुळे इसब अधिक बरे झाल्याचे आढळले नाही. तुमचा आजार इसबच आहे असे नाही, पण पाण्यापेक्षा साबणावर आधी हात घालणे शहाणपणाचे आहे, कारण साबण सुटला की साका होणेही थांबते. वयाचा भाग असा की चाळिशीनंतर त्वचेतील स्निग्धांश हळूहळू कमी होतो, त्यामुळे पंचविसाव्या वर्षी जो साबण खपून गेला तो आता खपत नाही. त्यात आपल्याकडचा डिसेंबर-जानेवारीचा कोरडा वारा, आणि तोही दुचाकीवर समोरून.

म्हणून सकाळी फक्त पाण्याने तोंड धुवावे. संध्याकाळी धूळ काढण्यासाठी साबणविरहित, वास नसलेले क्लीन्झर एकदाच वापरावे आणि शेवटचा तांब्या शक्य असेल तर पिण्याच्या शुद्ध पाण्याचा घ्यावा. पाणी कोमट असावे, थंडीत बरे वाटते म्हणून कडकडीत पाणी घेऊ नये. पंचाने तोंड चोळू नये, नुसते टिपावे, आणि चेहरा ओलसर असतानाच, दोन-तीन मिनिटांच्या आत, ग्लिसरीन व सेरामाइड असलेले बिनवासाचे दाट क्रीम लावावे. ते किती लावावे हे कोणी सांगत नाही आणि बहुतेक जण फार कमी लावतात: तर्जनीच्या टोकापासून पहिल्या पेरापर्यंतची रेघ म्हणजे साधारण अर्धा ग्रॅम, आणि चेहरा व मान मिळून अशा अडीच रेघा लागतात. रात्री गालांवर त्याच्यावरून पेट्रोलियम जेलीचा अगदी पातळ हात फिरवावा, कारण पाणी अडवून ठेवण्यात तिच्या तोडीचा स्वस्त पदार्थ दुसरा नाही. आपल्याकडे थंडीत नुसते ग्लिसरीन लावण्याची पद्धत आहे. पण हवा कोरडी असताना ते खालच्या थरातले पाणी वर ओढते, आणि वरून झाकण नसेल तर ते पाणीही उडून जाते.

बेसन आणि लिंबू आजपासून बंद करावे. लिंबाच्या रसाचा सामू सुमारे २ असतो आणि बेसन घासले जाते. फुटलेल्या त्वचेला दोन्ही सोसत नाहीत. पाणी आणि तूप पोटासाठी जरूर घ्या, पण शरीरात पाण्याची कमतरता नसताना वरून प्यालेले पाणी त्या पातळ थरापर्यंत जाऊन टिकत नाही, कारण प्रश्न पाणी कमी पडण्याचा नसून ते न थांबण्याचा आहे.

मिरची पथारी (नंदुरबार) यांचे उत्तर

वरचे उत्तर मी दोनदा वाचले. ते पटलेही, पण ताईंच्या प्रश्नातील एका वाक्याकडे लक्ष वेधावेसे वाटते, कारण त्याच जागी मी दोन हिवाळे वाया घालवले आहेत. नाकपुड्यांच्या बाजूला आणि भुवयांमध्ये कोंडा सुटतो, असे तुम्ही लिहिले आहे.

मी मिरचीच्या पथारीवर हिशेबाचे काम करते. लाल मिरचीचे ढीग समोर पसरलेले असतात आणि दुपारच्या वाऱ्याने तिखट धूळ थेट तोंडावर येते, त्यामुळे चेहरा फुटला की त्याला मिरचीच कारण असणार, असे मी गृहीत धरले होते. रोज रात्री नाकाच्या खोबणीत आणि भुवयांवर तिळाचे तेल चोळत असे. सकाळी कोंडा बसलेला दिसे, दुपारपर्यंत पुन्हा सुटे, आणि खालची कातडी लालसर, किंचित चिकट राही. गालांना तेलाने आराम पडला आणि नाकाजवळचा भाग मात्र वाढत गेला, हे मला विचित्र वाटायला हवे होते, पण वाटले नाही. शेवटी त्वचेच्या डॉक्टरांनी पाहताक्षणी विचारले की डोक्यातही कोंडा आहे का. तो होताच. त्यांनी सांगितले की हा नुसता कोरडेपणा नसून सेबोऱ्हिक डर्माटायटिस आहे. आपल्या सर्वांच्या कातडीवर मॅलॅसेझिया नावाचे यीस्ट (एक प्रकारची बुरशी) राहते, ते स्निग्ध पदार्थांवर जगते, आणि मी त्याला रोज रात्री तेलाचे जेवण देत होते. किटोकोनॅझोल या बुरशीनाशकाचे मलम आणि त्याच औषधाचा शाम्पू यांनी तीन आठवड्यांत फरक पडला.

म्हणून ताई, गालांचा आणि नाकाजवळचा असे दोन वेगळे त्रास असू शकतात, आणि एकाचा उपाय दुसऱ्याला घातक ठरू शकतो. गालांवर जे लावाल ते नाकाच्या खोबणीत नेऊ नका, आणि पापुद्रे पांढरे व सुके आहेत की पिवळसर व तेलकट, हे उजेडात आरशासमोर पाहून ठेवा.

सातपुडा पायथा यांचा पुढील प्रश्न

आपण दोघांनी इतक्या आपुलकीने लिहिलेत त्याबद्दल मनापासून आभार. आज सकाळी खिडकीजवळ उभी राहून पाहिले. गालावरचे पापुद्रे सुके आहेत आणि भुवयांमधले खरोखरच पिवळसर आहेत. डोक्यात कोंडाही आहे.

एक गोष्ट मी आधी लिहिली नव्हती, कारण ती महत्त्वाची वाटली नाही. उन्हाळ्यात वांग (चेहऱ्यावर काळसर डाग) आले म्हणून औषधाच्या दुकानातून एक ट्यूब आणली होती. चिठ्ठी नव्हती, त्यांनी मागितलीही नाही. चार दिवसांत चेहरा उजळला, म्हणून पुढे चार-पाच महिने अधूनमधून लावत राहिले. थांबवले की लाली येते आणि पुन्हा लावली की जाते. ट्यूबवर हायड्रोक्विनोन, ट्रेटिनॉइन आणि मोमेटासोन अशी तीन नावे आहेत. याचा काही संबंध असेल का?

पांझराकाठ (धुळे) यांचे उत्तर

बाई, मी धुळ्यात सर्वसाधारण वैद्यकीय व्यवसाय करतो. तुम्ही शेवटी लिहिलेला मजकूर माझ्या दृष्टीने पहिल्या ओळीत यायला हवा होता. यात तुमची चूक नाही, पण ही बाब इतर सर्व उपायांच्या आधीची आहे.

त्या तीन नावांतील मोमेटासोन हे स्टिरॉईड आहे. ते लाली आणि आग दाबून टाकते, म्हणून पहिले काही दिवस चेहरा छान दिसतो. महिनोन्‌महिने लावल्यावर मात्र त्वचा पातळ होते, बारीक लाल शिरा दिसू लागतात आणि तीच संरक्षक भिंत खचते. मग थांबवले की लाली, आग आणि कोरडेपणा उसळून वर येतो, आणि माणूस घाबरून पुन्हा तीच ट्यूब उघडतो. तुमचे वर्णन तंतोतंत हेच आहे. ट्रेटिनॉइनने पापुद्रे सुटतात आणि हायड्रोक्विनोननेही काहींच्या त्वचेची जळजळ होते, म्हणजे कोरडेपणाला तीन बाजूंनी मदत होत होती. २०१८ साली केंद्र सरकारने अशा बऱ्याच स्टिरॉईड मलमांची चिठ्ठीशिवाय विक्री बंद केली आहे. तरीही माझ्याकडे जवळजवळ दर आठवड्याला अशी एखादी ट्यूब पर्समधून बाहेर निघते, आणि ती आणणारी व्यक्ती संकोचाने सांगते की हे तर नुसते क्रीम आहे. याचे मला फार वाईट वाटते, कारण त्यात फसवणूक त्या व्यक्तीची झालेली असते आणि संकोचही तिलाच वाटतो.

ती ट्यूब पुन्हा लावू नका, पण घरच्या घरी लाली सोसत बसू नका. जळगावला त्वचारोगतज्ज्ञांना या आठवड्यातच दाखवा आणि ट्यूब सोबत न्या. थांबवल्यानंतरचे काही आठवडे अवघड जातात आणि त्या काळासाठी सौम्य औषधे देता येतात. भुवयांच्या कोंड्याचे निदानही त्याच भेटीत होईल. चेहऱ्याबरोबर अंगही कोरडे पडत असेल, थकवा, वजनवाढ किंवा बद्धकोष्ठता असेल, तर थायरॉईडसाठी टीएसएच ही रक्ततपासणी करून घ्या. तुमच्या वयाच्या स्त्रियांत हे कारण अनेकदा नजरेतून सुटते.

उन्हाबद्दलही लिहितो. वांगासाठी आणि पातळ झालेल्या त्वचेसाठी सनस्क्रीन आवश्यक आहे, मात्र सध्या झिंक ऑक्साइडचे, वास नसलेले घ्यावे, ते कमी झोंबते. दुचाकीवर स्कार्फ सुती बांधा आणि तो धुताना साबण पूर्ण निघेपर्यंत खळबळा, कारण तो तासभर गालाला घासत असतो.

सातपुडा पायथा यांचा निरोप, सव्वीस दिवसांनी

जळगावला जाऊन आले. तज्ज्ञांनी दोन्ही निदाने खरी ठरवली: भुवया व नाकाजवळ सेबोऱ्हिक डर्माटायटिस, आणि गालांवर स्टिरॉईडचा परिणाम. टीएसएच ठीक निघाले. पहिले दहा दिवस फार कठीण होते, गाल तापल्यासारखे लाल असत आणि एका पालकांनी तर ताप आहे का म्हणून विचारले. चूल आणि भरताची वांगी भाजण्याचा जाळ, या दोन्हींपासून लांब राहण्यास डॉक्टरांनी सांगितले होते, म्हणून यंदा मळ्यातल्या भरीत पार्टीला मी जाळापासून दूर, बांधावर बसून होते. आता लाली बरीच उतरली आहे. साबण पूर्ण बंद आहे, अडीच रेघांचे माप मुलीलाही पाठ झाले आहे, आणि काल नखाने ओढलेली रेघ उमटली नाही. एकच विचारायचे आहे: इतके दाट क्रीम मार्चनंतर चालेल का?

जंक्शन (भुसावळ) यांचे उत्तर

वाचून समाधान वाटले. मार्चमध्ये घाम सुरू झाला की रात्रीची जेली थांबवावी आणि दाट क्रीमऐवजी त्याच प्रकारचे पातळ लोशन घ्यावे, पण पूर्ण बंद करू नये. आपल्याकडे मे महिन्यात पारा ४४-४५ च्या घरात जातो तेव्हाची लू कोरडीच असते, घामाने चेहरा ओला वाटला तरी. संध्याकाळी घाम सुकून क्षार बसतात, ते साध्या पाण्याने काढून लगेच लोशन लावावे. क्रीम बदलण्याआधी कानामागे तीन-चार दिवस लावून पाहावे, आणि तज्ज्ञांनी सांगितलेली पुढची भेट त्वचा चांगली दिसत असली तरी चुकवू नये.